सिपोरेक्सच्या भिंतीवर चुन्याचा गिलावा : सासवडजवळच्या एका घराचे प्रकरण

एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात काकांचा फोन आला. "अगं, ओसरीत भिंतीला टेकून बसलो तर अख्खा सदरा पांढरा झाला. तू तर म्हणाली होतीस, चुना दगडासारखा होतो म्हणून."

म्हणाले होते खरी. दुसऱ्या दिवशी सकाळी सासवड गाठले. दक्षिणेच्या भिंतीवर बोट फिरवले, तर बोटाला खडूसारखी भुकटी लागली. थापीच्या मुठीने ठोकून पाहिले, तर निम्म्या भिंतीतून मडक्यासारखा पोकळ आवाज आला. पश्चिमेच्या भिंतीवर वाळलेल्या तळ्याच्या गाळाला पडतात तशा भेगांचे जाळे होते. गिलावा होऊन जेमतेम चार-सहा आठवडे झाले होते.

घर साधेच, तळमजल्याचे. आरसीसीचा सांगाडा, बाहेरच्या भिंती २०० मिमीच्या आणि आतल्या १०० मिमीच्या एएसी ब्लॉकच्या, म्हणजे फुगवून वाफेवर शिजवलेल्या हलक्या, सच्छिद्र काँक्रीटच्या ठोकळ्यांच्या, पातळ सांध्याच्या मसाल्यात बांधलेल्या. आपल्याकडचे गवंडी या ब्लॉकला सरसकट 'सिपोरेक्स'च म्हणतात, कारखाना कुठलाही असो. पुण्यात या प्रकारचा माल पहिल्यांदा त्या नावाने आला आणि नाव चिकटले ते चिकटलेच. काकांना सिमेंटचा गिलावा नको होता. त्यांच्या आजोळच्या वाड्याचे छप्पर खचले, तुळया वाळवीने खाल्ल्या, पण माजघरातला चुन्याचा गिलावा अजून नखाने खरवडत नाही. तसाच गिलावा त्यांना या घराला हवा होता. मी वाड्यांच्या दुरुस्त्या करते, चुन्याचे मिस्त्री माझ्या ओळखीचे आहेत, म्हणून काम माझ्याकडे आले. वाड्यांची ती सवयच या कामात मला नडली.

पहिल्या खेपेला काय केले ते सांगते. काम फेब्रुवारीच्या शेवटी सुरू होऊन मार्चच्या मध्याला संपले. पोत्यातली चुन्याची फक्की पिंपात आठ दिवस भिजवली. एक घमेले चुना, तीन घमेली क्रश सँड (दगड दळून केलेली वाळू), थोडे गुळाचे पाणी. जाडी १५ मिमी, एकाच थरात. भिंत आधी दोन दिवस पाइपने भिजवायला मीच सांगितले होते. विटेच्या भिंतीला तसेच करतो ना! गिलावा झाल्यावर आठवडाभर सकाळ-संध्याकाळ पाणी मारले. कागदावर यात खोट काढायला जागा नव्हती.

त्या सकाळी मिस्त्री भिंतीपुढे उकिडवे बसले होते. म्हणाले, "ताई, ही भिंत पाणी पिती, पण ढेकर काय देत न्हाई."

हे वाक्य मी वहीत लिहून घेतले. पुढे महिनाभर जी शोधाशोध केली, तिचा निष्कर्ष याहून फारसा वेगळा निघाला नाही.

खरा पुरावा भिंतीवरच होता, फक्त तो वेगवेगळ्या जागी पाहावा लागला. उत्तरेची भिंत बरीच बरी होती. भुकटी सुटत होती, पण पोकळ आवाज कमी होता. न्हाणीघराच्या आतली भिंत तर चक्क घट्ट होती. कामगार महिनाभर तिथल्याच नळावर हातपाय धूत होते, बादल्या भरत होते, त्यामुळे ती खोली कायम ओलसर राहिली होती. आणि सगळ्यात बोलकी जागा म्हणजे पश्चिमेचा कॉलम. काँक्रीटला टाच्या मारून त्यावरून तोच गिलावा त्याच दिवशी सलग ओढला होता. ऊन सारखेच, वारा सारखाच. कॉलमवरचा गिलावा खिळ्याने ओरखडा काढावा लागेल इतका कडक, आणि तिथून वीतभर बाजूला, ब्लॉकवरचा गिलावा बोटाने उकरता येईल असा. चुना वाईट असता तर दोन्हीकडे सारखाच वाईट निघाला असता. वाळू वाईट असती तरी तेच. फरक फक्त मागच्या पदार्थात होता.

दोन्ही जागांचे तुकडे काढले, मोडले आणि ताज्या तुटलेल्या कडेवर फेनॉल्फथॅलीनचे थेंब टाकले. शाळेच्या प्रयोगशाळेतले तेच द्रावण, जे अल्कलीत गुलाबी होते. न जमलेला चुना गुलाबी दिसतो. हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन ज्याचा पुन्हा चुनखडक झाला, तो रंग घेत नाही. कॉलमवरच्या तुकड्यात बाहेरून दोन-तीन मिमी भाग रंगहीन होता, आत गुलाबी. दीड महिन्याच्या मानाने ठीक. ब्लॉकवरच्या तुकड्यात मात्र वरची कागदाएवढी साल सोडली तर सगळा गुलाबी. म्हणजे चुना नुसता वाळला होता, जमला नव्हता.

वाळणे आणि जमणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे चुन्याचे काम करणाऱ्याला तोंडपाठ असते, तरी हातून निसटते. सिमेंट पाण्याशी संयोग पावून घट्ट होते. आपल्याला मिळतो तो शुद्ध चुना हवेशी संयोग पावून घट्ट होतो, पण त्या संयोगाला मध्यस्थ म्हणून पाणी लागतेच. कार्बन डायऑक्साइड आधी छिद्रातल्या ओलीत विरघळतो आणि मगच चुन्याला भेटतो. छिद्रे पाण्याने गच्च भरलेली असली तर वायू आत शिरत नाही, आणि ठणठणीत कोरडी असली तर विरघळायला जागाच नाही. दमट, पण निथळलेली अशी मधली अवस्था हवी, आणि तीही काही आठवडे टिकायला हवी. मार्चमधली पुरंदरची दुपार ही अवस्था एक तासही टिकू देत नाही. आणि भिंत मागून ओढत होती ती वेगळीच.

आता ब्लॉककडे वळते. फ्लाय ॲश किंवा दळलेली वाळू, सिमेंट, चुना, थोडा जिप्सम आणि चिमूटभर ॲल्युमिनियमची पूड, असा त्याचा माल. चुन्याच्या अल्कलीत ॲल्युमिनियम हायड्रोजन सोडते आणि पीठ आंबल्यासारखे फुगते. मग ते तारेने कापून साधारण १८० ते २०० अंश तापमानाला, दाबाच्या वाफेत दहा-बारा तास शिजवतात. शंभर वर्षांपूर्वी स्वीडनमध्ये योहान ॲक्सेल एरिकसन यांनी ही रीत बसवली. गंमत अशी की या ब्लॉकमध्येही चुनाच आहे, फक्त वाफेने त्याचे सिलिकाशी लग्न लावून टाकलेले. काकांना हे सांगितले तेव्हा ते म्हणाले, "म्हणजे नात्यातलेच निघाले की! मग भांडतात कशाला?"

भांडण पाण्यावरून आहे. डोळ्यांना दिसतात ती ब्लॉकची मोठी छिद्रे बहुतेक बंद असतात, ती पाणी शोषत नाहीत. शोषतात त्या दोन छिद्रांमधल्या पडद्यांतल्या केसाहून बारीक नळ्या. जुनी भाजकी वीट आणि उरलेला एक ब्लॉक शेजारी ठेवून मी दोघांवर तांब्याभर पाणी ओतले. विटेने ते चर्र करत ओढून घेतले, पुन्हा ओतले तसे पुन्हा घेतले, मग तिचे पोट भरले आणि पृष्ठभाग ओला राहिला. ब्लॉकने घाई केली नाही. पाणी हळूहळू आत गेले, वरचा पदर कोरडा दिसू लागला. पुन्हा ओतले, पुन्हा तेच. त्याची ओढ विटेइतकी जोरकस नाही, पण ती थांबत नाही, कारण पृष्ठभागाने घेतलेले पाणी तो आत आत सरकवत राहतो. विटेची तहान आधीच भागवता येते. ब्लॉकची भागवायला गेलात तर अख्खी भिंत भरावी लागेल, आणि तसे करणे याहून वाईट.

वाईट का, तर ब्लॉक ओला झाला की किंचित फुगतो आणि वाळताना आकसतो. भारतीय मानकाप्रमाणे पहिल्या प्रतीच्या ब्लॉकला ०.०५ टक्के आकुंचन चालते. आकडा फुटकळ वाटतो, पण चार मीटरच्या भिंतीत त्याचे २ मिमी होतात. मी दोन दिवस पाइप लावून भिंत फुगवली, त्यावर १५ मिमीचा कच्चा गिलावा चढवला आणि मग दोघांना एकदम उन्हात वाळायला सोडले. भिंत आकसत होती, गिलावा त्याहून जास्त आकसत होता, आणि दोघांना धरून ठेवणारा सांधा अजून जन्मलाच नव्हता. कारखान्यातून ब्लॉक येतो तेव्हाच त्याच्या वजनाच्या जवळपास तिसऱ्या हिश्शाइतके पाणी त्यात असू शकते, हेही इथे लक्षात ठेवायला हवे होते. ते पाणी, ब्लॉक आले त्या नोव्हेंबरपासून, तीन महिन्यांत बरेचसे उडाले होते, आणि मी ते परत भरले.

उरली क्रश सँड. तिच्यातली बेसॉल्टची बारीक भुकटी धुऊन काढलेली नव्हती. पश्चिमेच्या जाळीदार भेगांमध्ये तिचा वाटा होता.

आणि आजोळचा वाडा? काकांचा प्रश्न रास्त होता : तेव्हाच्या लोकांना जमले ते आपल्याला का जमू नये? याचे उत्तर जमिनीत आहे. दख्खनच्या काळ्या पत्थरात चुनखडक नाही. आपल्याकडचा जुना चुना बराचसा काळ्या मातीत सापडणाऱ्या कंकराच्या खड्यांपासून भाजलेला. त्या खड्यांत चिकणमाती मिसळलेली असते, त्यामुळे भाजल्यावर त्यातून निघणारा चुना थोडाफार सिमेंटसारखा वागतो, पाण्याशीही जमतो. त्यावर घाण्यात तासन्‌तास मळणे. तिकोना किल्ल्यावर चढणाऱ्यांनी चुन्याचा तो दगडी घाणा पाहिला असेल. आजच्या पोत्यातली फक्की बहुतेक राजस्थानातून येते. ती जवळजवळ शुद्ध असते, म्हणूनच पाण्याशी तिचे काही जमत नाही, ती फक्त हवेची वाट पाहते. नाव एकच, 'चुना', पण वाड्यातला माल निराळा आणि आमच्या पिंपातला निराळा. शिवाय वाड्यात मागे वीट किंवा दगड होता.

मे महिन्यात मागच्या बाजूच्या भिंतीवर मीटर बाय मीटरचे पाच चौकोन आखले. सावलीसाठी गोणपाटाचे छत घातले. पहिल्यात पूर्वीचाच शुद्ध चुना, पण धुतलेली वाळू, पातळ थर आणि नीट देखभाल. दुसऱ्यात चुना आणि सुरखी, म्हणजे भाजलेल्या मातीची भुकटी. तिसऱ्यात चुन्याच्या वजनाच्या दहा टक्के मेटाकेओलिन, म्हणजे बेताने भाजलेली केओलिन माती. चौथ्यात एकास एक सिमेंट-चुना आणि सहा वाळू. पाचव्यात बाजारातला तयार गिलावा, ज्यात पाणी धरून ठेवणारे सेल्युलोज ईथर असते.

सुरखीने सुरुवातीलाच तोंडघशी पाडले. जवळच्या भट्टीवरची विटांची भुकटी आणली होती. चुन्यात कालवून तिची वडी केली, दोन दिवस ओलसर ठेवून पाण्यात सोडली. आठवड्याने वडी विरघळून तळाशी गाळ. सुरखीला काम करायला माती ६०० ते ८०० अंशांच्या आसपास भाजलेली लागते. जास्त भाजलेली वीट वाजते छान, पण चुन्याच्या उपयोगाची राहत नाही. चुन्याच्या कामाला ती नुसतीच लाल वाळू. मग मातीची कच्ची भाजलेली कौले शोधून, कुटून दुसरी सुरखी केली. तिची वडी पाण्यात टिकली. सुरखी विकत घेणाऱ्या प्रत्येकाने ही वडीची परीक्षा करावी, तिला पैसा लागत नाही.

जूनअखेरीस चौकोन पाहिले. पहिला मार्चच्या कामापेक्षा कितीतरी बरा होता, पण कडेला भुगा सुटतच होता. पाचवा गुळगुळीत आणि घट्ट. चौथाही घट्ट, एक-दोन केसभेगा सोडल्या तर निर्दोष. खरे सांगायचे तर दुसऱ्या कुणाचे घर असते तर मी चौथाच घेतला असता आणि त्यात मला कमीपणा वाटला नसता. या ब्लॉकवर १:१:६ हे मिश्रण बरीच वर्षे चालत आले आहे. मिस्त्रींचेही मत तेच. काका मात्र अडून बसले, "सिमेंट घालायचे असते तर तुला कशाला बोलावले असते?" मग दुसऱ्या आणि तिसऱ्याची सांगड घातली : चुना, त्यात मेटाकेओलिन, आणि वाळूच्या चौथ्या हिश्शाऐवजी सुरखी. मेथी भिजवून तिचे चिकट पाणी थोडे घालायचे, हा मिस्त्रींचा आग्रह. जुने लोक मेथी, बेलफळ, उडीद घालत ते याचसाठी. तो बुळबुळीतपणा पाणी सोडत नाही. पाचव्या चौकोनातले सेल्युलोज ईथर करते तेच काम. गूळ मात्र या वेळी बंद. त्याने गिलावा जमायला उशीर होतो, आणि मुंग्यांनी पहिल्या खेपेला भिंतीवर पायवाट पाडली होती.

दुसरे काम जुलैच्या मध्याला सुरू केले. मुद्दाम. हवेत दमटपणा, ढगाळ दिवस, आणि सासवडकडचा पाऊस बहुधा भुरभुरता. जुना गिलावा उतरवायला श्रम पडले नाहीत, यातच सगळे आले. त्यानंतरचे काम मात्र कंटाळवाणे : सगळी भिंत तारेच्या ब्रशने घासून झाडणे. ब्लॉक करवतीने कापताना उडालेली राख पृष्ठभागावर बसलेली असते, आणि गिलावा भिंतीला न चिकटता त्या राखेला चिकटतो. इलेक्ट्रिशियनने पाडलेले चर ब्लॉकच्या चुऱ्यात चुना कालवून भरले. कॉलम-बीमच्या आणि ब्लॉकच्या सांध्यावर अल्कलीत टिकणारी काचतंतूंची जाळी, दोन्हीकडे वीतभर.

पाणी आता पाइपने नाही. फवारणीच्या पंपाने, बागेत औषध मारतो त्या, आदल्या संध्याकाळी एकदा आणि काम सुरू करायच्या थोडे आधी एकदा. भिंत गडद व्हावी पण ओघळू नये. लगेच चुन्याच्या पातळ मसाल्याचे जाड वाळू घातलेले शिंपण, थापीने फेकून, तीन-चार मिमी. ते तसेच खरखरीत ठेवले. हा थर दिसायला अगदीच गबाळा, काकूंनी तो पाहून "हे असेच राहणार का?" असे काळजीने विचारले. पण सगळ्या कामात मी एकच थर ठेवू शकले असते तर तोच ठेवला असता. ब्लॉकची ओढ तो स्वतःवर घेतो आणि पुढच्या थराला धरायला दाते देतो.

चार दिवसांनी ८ मिमीचा थर. दुसऱ्या दिवशी मसाला बोटाने दबतो पण चिकटत नाही अशा वेळी लाकडी रंध्याने दाबून, घासून बारीक भेगा मिटवल्या. हे मार्चमध्ये जमलेच नव्हते, कारण दुसऱ्या दिवशीपर्यंत गिलावा कोरडा खडखडीत झालेला असे. दहा दिवसांनी ५-६ मिमीचा दुसरा थर, आणि आतल्या भिंतींना शेवटी नीरूचा, म्हणजे चुन्याच्या तलम लेपाचा, हात. भिंतीपासून चार बोटे अंतरावर परांचीला गोणपाट टांगले आणि भिंतीऐवजी गोणपाट ओले ठेवले. हे मिस्त्रींचे डोके. मी थेट फवारणीच सांगणार होते.

मिस्त्रींचा पुतण्या रोजंदारीवर होता. तो म्हणाला, "तात्या, एवढ्या टायमात सिमेंटची दोन घरं झाली असती." तात्यांनी उत्तर दिले नाही, त्याला गोणपाट भिजवायला पाठवले.

सप्टेंबरच्या अखेरीस पुन्हा थेंब टाकून पाहिले. ब्लॉकवरच्या गिलाव्यातही बाहेरून दोन-तीन मिमी रंगहीन, आणि आतला गुलाबी भागसुद्धा नखाने खरवडत नव्हता. तो मेटाकेओलिन आणि सुरखीचा प्रताप, त्यांना हवेची वाट पाहावी लागत नाही. ठोकल्यावर आवाज भरीव. कॉलम आणि ब्लॉक यांच्यातला फरक हाताला कळेनासा झाला.

सगळेच साधले असे नाही. पश्चिमेच्या खिडकीखाली ऑगस्टमध्ये एका रात्री वाऱ्याचा पाऊस आला, गोणपाट उडाले आणि ताज्या थराची चादरीएवढी जागा धुऊन निघाली. ती पुन्हा केली. शिंपण तिथे घाईत झाले होते, त्यामुळे अजूनही त्या भागात हातभर जागा किंचित पोकळ वाजते. भेग नाही, ओल नाही. खडूने तिच्याभोवती रेघ मारून तारीख लिहिली आहे. पुढच्या पावसाळ्यानंतर ती वाढलेली दिसली तर तेवढीच कापून काढायची, असे काकांशी ठरले.

दिवाळीआधी रंगारी आला. पोत्यातली पुट्टी आणि ॲक्रिलिकचे डबे टेम्पोतून उतरवून मोकळा झाला. चुन्याला अजून महिनोन्‌महिने हवा घ्यायची होती आणि त्यावर हा प्लॅस्टिकचा सदरा चढणार होता. डबे परत पाठवले. काकूंनी निवळलेल्या चुन्याचे पातळ पाणी गाळून घेतले, आणि मिस्त्रींच्या पुतण्याने त्याचे पाच हात दिले, प्रत्येक हातामध्ये एक दिवस सोडून, भिंत दरवेळी थोडी दमट करून. तिसऱ्या हाताला काका स्वतः ब्रश घेऊन उभे राहिले. सदरा पुन्हा पांढरा झाला, या वेळी तक्रार आली नाही.